दामा नाखव्याचं सोंग

फाल्गुन लागला की लोकांना आंब्याचा मोहोर आठवतो, पुरणपोळी आठवते. मला मारामारी आठवते. आमच्या सोसायटीतली पोरं गच्चीवरून पाण्याचे फुगे मारायला लागली की खालून जाणाऱ्या बायका ओरडतात आणि वॉचमन उगीच शिट्टी फुंकतो. मी गॅलरीत उभी राहून बघते आणि मनात म्हणते, ह्याला शिमगा म्हणतात होय? अजून एकाचंही डोकं फुटलेलं नाही.

मी किहीम आणि थळ यांच्या मधल्या किनाऱ्यावरच्या एका लहानशा कोळीवाड्यातली. ज्या शिमग्याची गोष्ट सांगते आहे तेव्हा स्वातंत्र्य मिळून आठ-नऊ वर्षं झाली असतील आणि मी अठरा-एकोणीस वर्षांची होते. पुढे आयुष्यभर टेलिव्हिजनसाठी विनोदी मालिका लिहिल्या, नंतर स्वतः निर्मितीही केली. मुलाखत घ्यायला येणारी मुलं विचारतात, "मॅडम, तुमच्याकडे हा विनोद आला कुठून?" त्यांची अपेक्षा असते की मी म्हणेन, आमचे वडील फार गमत्ये होते, घरात सतत हशा असायचा. मी म्हणते, मारहाणीतून आला. मुलं हसतात आणि लिहून घेतात. हाही विनोदच, असं त्यांना वाटतं.

आमचा शिमगा होळीच्या आधीच पेटायचा. होळीला चोरलेलंच लाकूड हवं, विकतचं देवीला पावत नाही, अशी समजूत. त्यामुळे वरच्या पाड्याची पोरं खालच्या पाड्यात घुसायची आणि खालच्यांची वरच्यात. जुन्या होडीच्या फळ्या, कुंपणं, गोठ्याचं दार, काहीही जायचं. एकदा एका म्हातारीची बाज पळवली होती. म्हातारी तिच्यावर झोपलेली आहे हे वाटेत लक्षात आलं म्हणून तेवढी परत आणून ठेवली. पकडलं कुणाला तर मग दया नाही. गोफणी सुटायच्या, वल्ही उगारली जायची, नाकातोंडातून रक्त यायचं. माझ्या डाव्या भुवईत अजून खाच आहे ती गोफणीच्या दगडाची. आमच्या आयेने तिच्यात हळद दाबली, वर चिंधी बांधली आणि मला म्हणाली, "रडू नको. त्यांची दोन लाकडा आयली का न्हाय?"

होळीच्या आदल्या दिवशी सगळ्या होड्या वर ओढून ठेवत. रंगपंचमीपर्यंत समुद्रावर जायचं नाही. एरवी आमचे पुरुष भरती-ओहोटीच्या तालावर बाहेर असत आणि घरी येत ते झोपायला. शिमग्यात मात्र अख्खा कोळीवाडा पुरुषांनी भरून जायचा. तेव्हा दारूबंदी होती. अधूनमधून दोन शिपाई सायकलवरून झडतीला यायचे. त्यांना बाटली कधी सापडली नाही, कारण ती वाळूत पुरलेली असायची आणि नेमकी त्याच जागेवर एखादी म्हातारी जवळा निवडत बसलेली असायची. समुद्र नाही, काम नाही, दारू भरपूर. मग हात कुठे चालवायचा? घरात. शिमग्याची बोंब म्हणजे होळीभोवती तोंडावर हात मारून ठोकतात ती, असं बाहेरच्यांना वाटतं. आमच्याकडे आणखी एक बोंब होती, ती भिंतीतून यायची. ती ऐकू आली की शेजारच्या घरात पाट्यावर वाटण घासायला सुरुवात व्हायची. वाटणाचा आवाज झाला म्हणजे आपण काही ऐकलं नाही, असं धरायचं. शिमग्याच्या दिवसांत आमच्या कोळीवाड्यात फार वाटण व्हायचं.

सगळ्यात जास्त वाटण व्हायचं ते दामा नाखव्याच्या शेजारी. दामा नाखवा म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचा, हौसाचा नवरा.

हौसाला मी बाय म्हणायचे. लग्नाआधी ती कोळीवाड्यातली सगळ्यात वात्रट मुलगी होती. अलिबागच्या बाजारात बोंबलाची घासाघीस करणारी बाई, पाटलांचं ढेरी सावरत चालणं, खाकरल्याशिवाय एक वाक्य न बोलणारे आमचे बाबा, सगळ्यांच्या नकला ती करायची. नुसता आवाज नव्हे, माणूसच अंगात आणायची. ज्याची नक्कल, तोच पोट धरून हसायचा. दामा नाखव्याने तिला मागणी घातली तीही म्हणे तिच्या नकला बघूनच. मोठ्या होडीचा मालक, दिसायला रुबाबदार, रस्त्यात रडणारं पोर दिसलं तर त्याला खाऊ घेऊन देणारा. आम्हाला आभाळ ठेंगणं झालं. लग्नानंतर आठवड्याभरात बायने त्याच्यासमोर त्याचीच नक्कल केली. तिला वाटलं, तोही पोट धरून हसेल. त्या दिवशी पहिला मार बसला. त्यानंतर तिने कुणाचीच नक्कल केली नाही.

तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो मी नुसता वाक्प्रचार म्हणून शिकले नाही. दामा मारायचा तो वल्ह्याच्या मोडक्या दांड्याने, आणि मारून झालं की स्वतः हळद लावायचा. तो हळद लावतो याचं कोळीवाड्यात कौतुक होतं. आदल्या पावसाळ्यात बायच्या पोटातलं गेलं. कुणी विचारलं की ती सांगायची, जिन्यावरून पडले. त्यांच्या घराला जिना नव्हता. हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि तरी सगळे "जपून चालत जा गो" म्हणायचे.

बाबा दामाच्याच होडीवर खलाशी. त्यांचं एकच म्हणणं, दिल्या घरी पोरीनं नांदावं. आये पाटलांकडे जाऊन आली. आमच्या जमातीचे सगळे तंटे पाटलांपुढे बसून सुटायचे. जाळं कुणी कापलं, होडीला होडी कुणी घातली, सगळं जमातीत यायचं. पाटील तिला म्हणाले, "नवरा-बायकोच्या मदी जमात बसत न्हाय, वयनी. उद्या ती दोगा एक व्हतील नि आमी वाईट." जाळं कापलं तर जमात बसत होती.

आता सोंगाची रीत सांगितली पाहिजे, नाहीतर पुढचं कळायचं नाही. शिमग्यात आमच्याकडे माणसांची सोंगं काढत. ज्याचं सोंग असेल त्याच्याच दारात जाऊन ते करायचं, पाठीमागे नाही. त्याने आपल्या ओट्यावर मांडी घालून बसायचं, मांडीवर नारळ ठेवायचा आणि सोंग संपेपर्यंत उठायचं नाही, हात उगारायचा नाही. शेवटी स्वतःच्या हाताने सोंगाला नारळ द्यायचा. नारळ दिला की सोंग संपलं. मग त्यात जे झालं ते कुणी मनात धरायचं नाही, जमातीत न्यायचं नाही. पण नारळ देण्याआधी तो उठला, तर त्याच्या होडीवर वर्षभर कुणी पाय ठेवत नसे, आणि त्याच्यावर जमात बसे. मोठमोठे नाखवे या नियमाला भिऊन दातओठ खात बसून राहत. सोंगं पुरुषांची. फक्त पंचमीचा दिवस बायकांचा.

धुळवडीच्या दुसऱ्या दिवशी आये बायला पुरणपोळी द्यायला गेली आणि तशीच डबा घेऊन परत आली. बायचा जबडा सुजून एका बाजूला गेला होता, तिला तोंड उघडता येत नव्हतं. अंगणात दोरीवर वाळत घातलेले बोंबील आये ओरबाडून काढू लागली. ओले होते, तुटत होते, तरी काढत राहिली. मग खाली बसली आणि म्हणाली, "फुडच्या शिमग्याला ही पोर मना दिसायची न्हाय." तिच्या आवाजात रडू नव्हतं. उद्या वारा पडेल असं सांगावं तसं सांगितलं.

मी म्हटलं, "आपण तिला घेऊन येऊ. आत्ताच."

"आनशील. नि तो सांजचा येवन परत नेल. पाटील त्याला न्हाय अडवनार." तिने हातातला तुटका बोंबील खाली टाकला. "त्याला वट्यावरना उठवाचा. पंचमीला. सगल्यांच्या म्होरं. तो उठला का जमात बसल. जमात बसली का मी हौसाचा तोंड दावीन. मग बघू कसा गप बसतान." आणि माझ्याकडे वळून म्हणाली, "तू शाला शिकलीस ना? मग लिव."

अशी माझी पहिली संहिता तयार झाली. मी लिहिलं आणि बायकांकडून तोंडपाठ करून घेतलं, वाळूवर जवळा पसरताना, विहिरीवर, जिथे चार बायका जमतील तिथे. नाखव्याचं काम भागीमावशीकडे. ती शेजारची विधवा, अंगाने दांडगी, आवाज पुरुषी. हौसाचं काम माझ्याकडे. गोष्ट अशी की नाखवा जेवायला बसतो. "मीठ कमी हाय," म्हणतो आणि एक हाणतो. दुसऱ्या दिवशी "मीठ जास्त हाय," म्हणून हाणतो. तिसऱ्या दिवशी मीठ बरोबर असतं. नाखवा घास चावतो, विचार करतो, बायकोकडे बघतो आणि म्हणतो, "आज बरोबर झाला. म्हंजे रोज मुद्दाम चुकवतेस." आणि पुन्हा हाणतो. विहिरीवर ऐकून बायका इतक्या हसल्या की एकीची घागर सुटून आत गेली. खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला. माझ्या शब्दांवर माणसं हसत होती. आणि त्याच क्षणी त्या सगळ्यांच्या झिंज्या उपटाव्यात असंही वाटत होतं. या दोन गोष्टी एकदम वाटू शकतात हे तेव्हा कळलं. पुढे त्यावरच माझं पोट चाललं.

मारायला विरी घेतली होती. पोफळीच्या झावळीचा तो रुंद देठ. मधून चिरली आणि पाठीत हाणली की बंदुकीसारखा आवाज येतो आणि लागत अजिबात नाही. टेलिव्हिजनमध्ये आल्यावर पहिल्यांदा पाहिलं, थोबाडीत मारणाऱ्या नटाचा हात गालाला लागतच नाही, पडद्याआडून दुसराच माणूस टाळी वाजवतो. सगळे नवशिके ते बघून चकित झाले होते. मला काहीच वाटलं नाही. आमच्याकडे पोफळी होत्या.

आणि एक गोष्ट मी तीस वर्षं तपासून पाहिली आहे. थप्पड बसली की लोक हसतात. कितीही चांगलं वाक्य लिहा, घाम गाळून लिहा, त्याला गालातल्या गालात हसतील. थप्पडीला खदखदून. एका संकलकाने मला सरळ सांगितलं होतं, "बाई, प्रसंग पडतोय असं वाटलं की कुणाला तरी एक लगावून द्या." मी त्याच्याशी भांडले आणि पुढच्याच भागात एक लगावून दिली. भाग गाजला.

पंचमीचा दिवस कडक उन्हाचा होता. बायकांनी सुरंगीचे गजरे माळले होते आणि त्या गोड वासात वाळणाऱ्या मासळीचा वास मिसळून डोकं धरत होतं. ढोल पुढे, आम्ही मागे. दामा नाखव्याला आधीच कुणकुण लागली होती. तो अंघोळ करून, स्वच्छ सदरा घालून, डोक्यावर लाल टोपी ठेवून, मांडीवर नारळ घेऊन ओट्यावर बसलेलाच होता. समोर अख्खा कोळीवाडा. पाटील बाजूला खुर्ची टाकून. बाबा सगळ्यांच्या मागे, होडीला टेकून उभे. बाय कुठे दिसत नव्हती.

भागीमावशीने काजळाची मिशी काढली होती. "मीठ कमी हाय," ती गरजली आणि माझ्या पाठीत विरी वाजली. लोक हसले. मी वाळूत लोळले, किंचाळले, पुन्हा उठून वाढायला लागले. लोक आणखी हसले. मी डोळ्यांच्या कोपऱ्यातून दामाकडे बघत होते. आता त्याचा चेहरा उतरेल, आता तो उठेल. दामा हसत होता. सगळ्यांत जास्त तोच हसत होता, मांडीवर थापा मारून, डोळ्यांतून पाणी काढून. मिठाचं तिसरं वाक्य आलं तेव्हा तर त्याला ठसका लागला. आमचं चुकलं होतं. ज्याला आपण आरसा दाखवतोय असं समजत होतो, त्याला तो आरसा आवडला होता. आता तो नारळ देईल, सगळे त्याच्या मोठ्या मनाचं कौतुक करतील, आणि संध्याकाळी दार लावून घेईल. आयेकडे मी बघितलं. ती हसत नव्हती, पण तिचे हात लुगड्याचा पदर पिळत होते.

आणि इथे दामा चुकला. नारळ द्यायचा सोडून तो लोकांकडे बघून म्हणाला, "बस, एवढाच? मावशे, मी एवढाच मारतंय काय? जरा जोर लाव. अजून दावा, मंगच नारल देतंय."

पुन्हा हशा झाला. तो संपायच्या आत दारात बाय उभी राहिली.

जबड्याला फडकं बांधलेलं, एक डोळा मिटलेला. ती सावकाश ओट्यावरून खाली आली आणि भागीमावशीसमोर उभी राहिली. मावशीच्या ओठावरचं काजळ तिने बोटाने पुसून घेतलं आणि स्वतःच्या ओठावर मिशी ओढली. मग मागे वळून नवऱ्याच्या डोक्यावरची टोपी काढली आणि आपल्या डोक्यावर ठेवली. लोकांनी आरडाओरडा करून तिला दाद दिली. दामाही म्हणाला, "बघा, माजी बायकोपन खेलाला आयली."

बाय मावशीला म्हणाली, "मावशे, तुना याचा सोंग जमत न्हाय. तू लांबना बघितलंस." बांधलेल्या जबड्यातून शब्द दाबून येत होते, तरी सगळ्यांना ऐकू गेले. तिने विरी घेतली, वाळूत टाकली आणि घरात गेली. परत आली तेव्हा तिच्या हातात वल्ह्याचा दांडा होता.

ती दामासारखी चालली. खांदे मागे, उजवा पाय जरा फेकून. दामासारखी नाकातून हसली. इतक्या वर्षांनी तिच्या अंगात पुन्हा माणूस आला होता. म्हाताऱ्या बाया एकमेकींना चिमटे काढायला लागल्या, हीच ती आमची हौसा. तिने दामाच्या आवाजात म्हटलं, "मीठ कमी हाय," आणि दांडा त्याच्या खांद्यावर घातला.

विरीचा आवाज मोठा येतो. खऱ्या दांड्याचा फार लहान येतो, ओला. लोक हसतच होते. दुसरा घाव पाठीत बसला तेव्हा पुढच्या ओळीतले गप्प झाले, मागचे अजून हसत होते. दामा उठायला लागला.

"दामा, खाली बस," पाटील म्हणाले. "सोंग चाललाय."

"पाटील, ही खरीच मारते."

"नारल तुज्याच मांडीवर हाय. द्यायचा तवा दिला न्हायस."

दामाने लोकांकडे पाहिलं. त्याच्या होडीवरचे खलाशी समोर उभे होते. उठला तर उद्यापासून होडी वाळूत. तो बसला. घाईने त्याने नारळ पुढे केला, पण बायने घेतला नाही. "सोंग अजून संपला न्हाय," ती म्हणाली. मग नाकातून हसली आणि म्हणाली, "मीठ जास्त हाय." दांडा तोंडाच्या रोखाने आला म्हणून त्याने उजवा हात आडवा धरला. हाड मोडल्याचा आवाज मी त्याआधी कधी ऐकला नव्हता. नारळ घरंगळत पायरीवर गेला. दामा गुरासारखा ओरडला. आता कुणीच हसत नव्हतं, आणि कोणत्याच घरातून पाट्याचा आवाज येत नव्हता.

बायने नारळ उचलून त्याच्या मांडीवर ठेवला. दांडा पुन्हा वर उचलला आणि म्हणाली, "आज मीठ बरोबर हाय."

माझंच वाक्य. पुढे काय येतं ते तिथल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. दामाने डोळे मिटून घेतले. तसा तो किती वेळ बसला होता देव जाणे. कुणीतरी पोर रडायला लागलं. बाय त्याच्याकडे बघत उभी राहिली आणि मग तिने दांडा खाली टाकला.

"दे आता," ती म्हणाली.

त्याने डावा हात पुढे केला. डाव्या हाताने आमच्यात काही देत नाहीत. बायने पाटलांकडे बघितलं. "डावा चालल का?"

"चालल," पाटील म्हणाले.

पाटलांना लोक नंतर न्यायी म्हणायला लागले. मी म्हणणार नाही. ते नियमाचे पक्के होते, इतकंच. इतकी वर्षं बायला मारू नये असा काही नियम नव्हता म्हणून ते स्वस्थ बसले होते. नारळाचा नियम होता म्हणून दामाला बसवलं. माणसं बहुतेक वेळा अशीच असतात. त्यांच्या चांगुलपणावर विसंबण्यापेक्षा त्यांचे नियम नीट माहीत करून घ्यावेत असं माझं मत आहे. मालिकांची कंत्राटं करताना मला याचा फार उपयोग झाला.

दुसऱ्या दिवशी दामानेच जमात बसवायला लावली. हात झोळीत, चेहरा काळाठिक्कर. पाटलांनी विचारलं, "नारल दिलास ना? मग संपला. शिमग्याचा मनात धरायचा न्हाय." मग आये उभी राहिली. जमात बसलेलीच होती, तिला दुसरी मागायची गरज नव्हती. तिने बायच्या जबड्याचं फडकं सोडलं, सगळ्यांना दाखवलं आणि काडीमोड मागितली. कुणी नाही म्हणेना. काडीमोडीला नवऱ्याने सगळ्यांसमोर गवताची काडी मोडायची असते. त्याला दोन हात लागतात. दामाने एक टोक दातात धरलं आणि डाव्या हाताने दुसरं ओढलं. मागच्या बाजूला कुणीतरी फिस्कन हसलं. मी नव्हते.

त्याचा हात वाकडाच जुळला. पुढे त्याने दुसरं लग्न केलं. त्या बाईला त्याने मारलं की नाही मला माहीत नाही. विचारायची हिंमत झाली नाही. बाबा पुन्हा त्या होडीवर गेले नाहीत, पण त्या विषयावर मरेपर्यंत एक शब्द बोलले नाहीत.

बाय आणि मी रेवसहून लाँचने मुंबईला आलो. काडी मोडलेल्या मुलीला माहेरी ठेवून घेणं आयेला जड नव्हतं, पण बायला त्या वाळूवरून रोज चालायचं नव्हतं. लाँचमध्ये ती समुद्राकडे पाठ करून बसली. भाऊच्या धक्क्यावरून मासळी उचलून ती माझगावात, डोंगरीत दारोदार विकायला लागली. तिच्या पाटीवर मी पुढे शिकले, हापिसात चिकटले, कामगारांच्या नाट्यमंडळांसाठी फार्स लिहायला लागले. टेलिव्हिजन आलं तेव्हा विनोद लिहिता येणारी माणसं हवीच होती. त्यांना बाई आलेली बघून जरा आश्चर्य वाटलं. बाई रडकं लिहिते अशी त्यांची समजूत होती. मी त्यांना वाचून दाखवलं. ते हसले आणि मला कामावर घेतलं.

माझी सगळ्यात गाजलेली मालिका एका नवरा-बायकोची होती. नवरा तापट, बायको वेंधळी. प्रत्येक भागात एकदा तरी तिचं काहीतरी चुकायचं, तो हात उगारायचा, ती गोल फिरून सोफ्यावर पडायची. लोक त्या गोल फिरण्याची वाट बघत. शाळांमध्ये पोरं एकमेकांना तसं फिरवत होती. त्या नटाचा तो उगारलेला हात रस्त्यावर लोक धरायचे, "साहेब, एक आम्हालाही द्या" म्हणायचे. मला बक्षिसं मिळाली. बाय तेव्हा म्हातारी झाली होती, धंदा सोडून माझ्याकडे राहत होती. घरात टीव्ही होता, बहिणीचं नाव पडद्यावर यायचं, पण ती मालिका लागली की तिला नेमकं स्वयंपाकघरात काम असायचं. मी कधी विचारलं नाही, तिने कधी सांगितलं नाही.

एक दिवस मी जेवणाचा डबा विसरले म्हणून ती तो घेऊन स्टुडिओत आली. आम्ही तालीम करत होतो. कुणीतरी तिला खुर्ची दिली. नटाने हात उगारला, बाजूच्या माणसाने टाळी वाजवली, नटी गोल फिरून पडली. कॅमेरावाले हसले, चहावाला हसला, मीही हसले. फिरणं नीट जमलं नाही म्हणून पुन्हा घेतलं. पुन्हा टाळी, पुन्हा हशा. बाय डबा मांडीवर धरून टक लावून बघत होती. मग तिने मला बोटाने जवळ बोलावलं. मी वाकले.

"कवापासना मारतंय हा तिला?" तिने हळूच विचारलं.

"मालिकेत होय? तीन वर्षं झाली."

तिने त्या नटाकडे पुन्हा एकदा नीट बघून घेतलं. तो हसत हसत सिगारेट पेटवत होता.

"तीन वरसा," ती म्हणाली. "नि याचा हात अजून शाबूत कसा गो?"